चौदा संघ आणि एक उजवा हात

मंडळी, आज मी ज्याच्याबद्दल बोलणार आहे त्या खेळाडूचं नाव तुमच्यापैकी फार थोड्यांनी ऐकलं असेल. एडविन जॅक्सन. अमेरिकेतल्या मेजर लीग बेसबॉलमधला उजव्या हाताचा पिचर, म्हणजे चेंडू टाकणारा. १४ वेगवेगळ्या संघांकडून खेळलेला तो इतिहासातला पहिला माणूस. लीगमध्ये संघ ३० आहेत. जवळजवळ निम्म्या लीगचा गणवेश या एका माणसाच्या अंगावर चढला.

२७ जुलै २०११ या दिवसाची गोष्ट आधी सांगतो. त्या दिवशी सकाळी जॅक्सन शिकागो व्हाइट सॉक्सचा खेळाडू होता. व्हाइट सॉक्सनं त्याला टोरंटो ब्लू जेजला दिलं. टोरंटोनं त्याच दिवशी त्याला सेंट लुइस कार्डिनल्सकडे पाठवलं, कारण त्यांना कोल्बी रॅस्मस नावाचा तरुण आउटफिल्डर, म्हणजे मैदानाच्या दूरच्या भागातला क्षेत्ररक्षक, हवा होता आणि त्याच्या बदल्यात देण्यासाठी पिचर लागत होते. एका दिवसात तीन मालक. टोरंटोचं मैदान त्यानं त्या वेळी पाहिलंसुद्धा नाही. याच सौद्यात ऑक्टाव्हियो डोटेल हा दुसरा पिचरही सेंट लुइसला आला. हाच डोटेल पुढच्या वर्षी १३ संघांचा विक्रम करणार होता आणि जॅक्सन तो मोडणार होता. तीन महिन्यांनी सेंट लुइसनं वर्ल्ड सिरीज, म्हणजे लीगची अंतिम मालिका, जिंकली आणि या दोघांनाही विजेतेपदाची अंगठी मिळाली. डोटेल २०२५च्या एप्रिलमध्ये सांतो दोमिंगोच्या एका नाइटक्लबचं छत कोसळून मरण पावला. आज त्याचंही नाव इथे आदरानं घेतो.

आपण क्रिकेटवर वाढलेली माणसं. आयपीएलमध्ये एरन फिंच ९ संघांकडून खेळला, तेव्हा आपल्याला त्याचं केवढं नवल वाटलं होतं. पण आयपीएल दोन महिन्यांची, आणि खेळाडूंची उलथापालथ बहुतेक करून हंगामाच्या आधी होते. मेजर लीगचा हंगाम सहा महिने चालतो, १६२ सामन्यांचा. या ट्रेड, म्हणजे संघांमधली खेळाडूंची अदलाबदल, ऐन हंगामात होतात, जुलै संपता संपता तर त्यांचा पूर येतो. दुपारी फोन येतो आणि दोन-तीन दिवसांत माणसानं दुसऱ्या शहरात, कधी हजारो किलोमीटरवर, हजर व्हायचं असतं. भाड्याचं घर, बायको, मुलं, मुलांची शाळा हे सगळं मागे राहतं. विंचवाचं बिऱ्हाड पाठीवर म्हणतात, ते या लोकांच्या बाबतीत अगदी खरं आहे.

आता एक हिशेब सांगतो, कारण त्याशिवाय असा फिरता पिचर इतका हवाहवासा का असतो ते कळणार नाही. एका सामन्यात ९ इनिंग (दोन्ही संघांनी एकेकदा बॅटिंग केली की एक इनिंग), सामने १६२. म्हणजे प्रत्येक संघाला वर्षाकाठी साडेचौदाशेच्या आसपास इनिंग कुणाकडून तरी टाकून घ्याव्या लागतात. पिचर जिथून चेंडू टाकतो तिथून होम प्लेट, म्हणजे बॅटर उभा असतो ती जागा, साडेअठरा मीटरला थोडं कमी अंतरावर असते, आणि तेवढ्यात चेंडू ताशी दीडशे किलोमीटरनं जायला हवा. माणसाचा खांदा आणि कोपर या कामासाठी बनलेलेच नाहीत. म्हणून सामन्याची सुरुवात करणारे पाच पिचर असतात, एकेकाची पाळी पाचव्या दिवशी येते. पाचातला एकजण तरी दुखापतीनं घरी बसतो, हे प्रत्येक संघ धरूनच चालतो. अशा वेळी जो पाळी आली की चेंडू हातात घेतो, त्याची किंमत फार मोठी असते. २००७ ते २०१३ अशी सलग सात वर्षं जॅक्सननं दर हंगामात ३०हून अधिक सामन्यांची सुरुवात केली. शहरं बदलत होती, चेंडू झेलणारे कॅचर बदलत होते, आणि हा माणूस पाळी चुकवत नव्हता. त्याच्या कारकिर्दीत मला सर्वांत मोठी वाटणारी गोष्ट हीच आहे.

त्याचा जन्म १९८३ साली जर्मनीतल्या नॉय-उल्म इथे झाला. वडील अमेरिकन लष्करात होते. पुढे तो जॉर्जिया राज्यातल्या कोलंबसमध्ये वाढला. लॉस एंजेलिस डॉजर्सनं २००१ साली ड्राफ्टच्या, म्हणजे नवख्या खेळाडूंच्या वार्षिक निवडीच्या, सहाव्या फेरीत त्याला घेतलं, आणि ९ सप्टेंबर २००३ रोजी, आपल्या विसाव्या वाढदिवशी, तो मेजर लीगमध्ये पहिल्यांदा उतरला. समोर अॅरिझोनाचा रँडी जॉन्सन होता, त्या पिढीतला सर्वांत धाक असलेला पिचर. पोरानं तो सामना जिंकला. त्या दिवशी कुणालाही वाटलं असतं की हा डॉजर्सचा पुढच्या पंधरा वर्षांचा आधार होणार. दोन वर्षांनी हंगाम संपल्यावर त्यांनी त्याला टँपा बेला देऊन टाकलं.

का? कारण त्याच्या हातात वेग होता, नेम कायम नव्हता. एखाद्या दिवशी त्याचा चेंडू कुणाला दिसायचा नाही, आणि दुसऱ्या दिवशी तो एकापाठोपाठ एक बॅटरला वॉक देऊन, म्हणजे चार चेंडू नेमाबाहेर टाकून, फुकट बेसवर, धावेच्या पहिल्या टप्प्यावर, पाठवायचा. असा पिचर बघितला की प्रत्येक संघाच्या प्रशिक्षकाला वाटतं, याला मी सरळ करीन. मग त्याला आणायचं, एक-दोन हंगाम बघायचं आणि कुणीतरी दुसरा आशावादी भेटला की त्याला देऊन टाकायचं. २००८ साली टँपा बेच्या संघानं पहिल्यांदाच वर्ल्ड सिरीज गाठली, तेव्हा जॅक्सननं १४ सामने जिंकून दिले होते. हंगाम संपला आणि तो डेट्रॉइटला गेला. २००९मध्ये डेट्रॉइटकडून तो ऑल-स्टार झाला, म्हणजे लीगच्या निवडक खेळाडूंत गणला गेला. हंगाम संपला आणि तीन संघांच्या एका मोठ्या ट्रेडमध्ये तो अॅरिझोनाला गेला. याच ट्रेडमध्ये डेट्रॉइटला मॅक्स शर्झर मिळाला, जो पुढे तीन वेळा साय यंग या सर्वोत्तम पिचरच्या पुरस्काराचा मानकरी ठरला. त्यामुळे डेट्रॉइटचं चुकलं असं म्हणता येत नाही. पण जॅक्सनचं काय चुकलं होतं?

आता २५ जून २०१०. अॅरिझोनाचा संघ सेंट पीटर्सबर्गला, टँपा बेच्या छताखालच्या मैदानावर आला होता, आणि जॅक्सन आपल्याच जुन्या संघासमोर उभा होता. सामन्याची सुरुवात भयंकर झाली. पहिल्या तीन इनिंगमध्ये त्यानं ७ वॉक दिले. तिसऱ्या इनिंगमध्ये एकही बॅटर बाद झाला नव्हता आणि तिन्ही बेस भरलेले होते. इतर कुठल्याही दिवशी व्यवस्थापक उठून आला असता आणि त्याच्या हातातून चेंडू काढून घेतला असता. पण जॅक्सन त्यातून एकही धाव न देता सुटला. हळूहळू लोकांच्या लक्षात यायला लागलं की इतके लोक बेसवर गेले खरे, पण बॅटला लागून कुणीच गेलेलं नाही. पिचरनं पूर्ण सामन्यात एकही हिट न देणं म्हणजे नो-हिटर, आणि ते भल्याभल्यांना आयुष्यात जमत नाही. एका सामन्यात पिचरचे चेंडू शंभराच्या आसपास गेले की हल्ली त्याला थांबवतात. जॅक्सनचे शंभर झाले, सव्वाशे झाले. व्यवस्थापक ए. जे. हिंचची अवस्था काय झाली असेल याचा मी अनेकदा विचार करतो. थांबवावं तर माणसाच्या हातातला इतिहास काढून घेतल्यासारखं, चालू ठेवावं तर खांद्याची जबाबदारी. त्यानं चालू ठेवलं. अॅरिझोनाची एकच धाव होती, अॅडम लारोशच्या होम रनची, म्हणजे एक चूक झाली असती तर सामनाही गेला असता. १४९ चेंडू, ८ वॉक, हिट शून्य. १-० असा विजय.

नो-हिटरच्या यादीत हा सामना कुरूप मानला जातो, आणि मला नेमका म्हणूनच तो फार आवडतो. निर्दोष खेळ करणारा पिचर त्या दिवशी फक्त आपल्या कौशल्यावर उभा असतो. जॅक्सन त्या रात्री आपल्या सगळ्या उणिवा बरोबर घेऊन नऊ इनिंग उभा राहिला.

या सामन्यानंतर आठवडाभरात हिंचची नोकरी गेली. आणि जेमतेम पाच आठवड्यांनी, ३० जुलैला, अॅरिझोनानं जॅक्सनला शिकागो व्हाइट सॉक्सकडे पाठवलं.

इथे मला खेळ सोडून थोडं कायद्याकडे वळायचं आहे, कारण आजचं माझं खरं म्हणणं तिथे आहे. १९६९ साली सेंट लुइसनं कर्ट फ्लड या आपल्या सेंटर फिल्डरला फिलाडेल्फियाला देऊन टाकलं. बारा हंगाम तो सेंट लुइसकडून खेळला होता. त्यानं जायला नकार दिला. बेसबॉल आयुक्तांना त्यानं कळवलं की माझी इच्छा न विचारता विकायला मी कुणाची मालमत्ता नाही. तो कोर्टात गेला, थेट सर्वोच्च न्यायालयापर्यंत, आणि १९७२ साली ५ विरुद्ध ३ असा हरला. त्यात त्याची कारकीर्द संपली. पण त्या लढ्याच्या रेट्यामुळे खेळाडूंच्या संघटनेला मालकांकडून एक नियम मिळवता आला. ज्याची मेजर लीगमध्ये १० वर्षं झाली आहेत आणि त्यातली शेवटची ५ सलग एकाच संघात गेली आहेत, तो आपल्या ट्रेडला नकार देऊ शकतो. १९७३च्या डिसेंबरात शिकागो कब्जच्या रॉन सँटोनं हा अधिकार पहिल्यांदा वापरला आणि कॅलिफोर्नियाला जायला नाही म्हटलं.

हा नियम मोठा आहे, फ्लडनं त्याची किंमत मोजली आहे. पण त्यातल्या दुसऱ्या अटीकडे बघा. शेवटची ५ वर्षं एकाच संघात. म्हणजे ज्याला कुणी हलवलं नाही, त्यालाच हलण्याला नकार देता येतो. जॅक्सन १७ हंगाम मेजर लीगमध्ये दिसला. १० वर्षांची अट त्यानं केव्हाच ओलांडली. पण सलग तीन हंगामांहून अधिक तो कुठेच टिकला नाही, किंवा असं म्हणू की त्याला कुणी टिकवलं नाही. त्यामुळे हा अधिकार त्याच्या वाट्याला आला नाही. ज्याला त्याची सर्वांत जास्त गरज होती, त्यालाच तो नाकारला गेला.

कुणी म्हणेल, एवढे डॉलर मिळाल्यावर तक्रार कसली? पैसा मिळाला, हे मीही मान्य करतो. कब्जनं २०१३मध्ये त्याच्याशी ४ वर्षांचा ५ कोटी २० लाख डॉलरचा करार केला. तो काही लाभला नाही. पहिल्याच हंगामात तो १८ सामने हरला आणि २०१५मध्ये त्यांनी त्याला मोकळं केलं. त्यानंतर अटलांटा, मायामी, सॅन डिएगो, बाल्टिमोर, मधून मधून पुन्हा खालच्या पातळीची मायनर लीग. पण फ्लडचाही वर्षाचा पगार ९० हजार डॉलर होता, त्या काळात फार मोठा. कुठे राहायचं हे विचारलं जाण्याचा हक्क पगाराच्या आकड्यानं भरून निघत नाही, हेच तर तो सांगत होता.

२०१८मध्ये, ३४ वर्षांचा जॅक्सन ओकलंडला आला. त्यांचे पिचर एकामागून एक जायबंदी झाले होते. यानं १७ सामन्यांची सुरुवात केली, ६ जिंकले, ३ हरले, आणि दर ९ इनिंगला सरासरी ३.३३ धावा दिल्या. कब्जकडच्या दुसऱ्या हंगामात हाच आकडा ६.३३ होता. ओकलंडनं त्या वर्षी ९७ सामने जिंकून प्लेऑफ गाठलं. पुढच्या वर्षी मे महिन्यात टोरंटोनं त्याला घेतलं, त्याच टोरंटोनं, ज्यांनी २०११मध्ये त्याला काही तासच आपला म्हटलं होतं. १५ मे २०१९ला तो सॅन फ्रान्सिस्कोमध्ये त्यांच्याकडून उतरला आणि १४ हा आकडा पुरा झाला. तो हंगाम त्याचा फार वाईट गेला. २०२१च्या उन्हाळ्यात मात्र तो टोकियो ऑलिंपिकच्या अमेरिकन संघात होता आणि रौप्यपदक घेऊन परतला. सप्टेंबर २०२२मध्ये त्यानं निवृत्ती जाहीर केली. १०७ विजय, १३३ पराभव, दीड हजाराहून थोडे जास्त स्ट्राइकआउट, म्हणजे तीन स्ट्राइकवर बाद केलेले बॅटर.

त्याच्या विक्रमाला आता एक जोडीदार मिळाला आहे. रिच हिल या डावखुऱ्या पिचरनं २००५मध्ये कब्जकडून सुरुवात केली होती. २०१५मध्ये त्याच्याकडे एकही मेजर लीग संघ नव्हता आणि तो लाँग आयलंड डक्स नावाच्या स्वतंत्र लीगमधल्या संघाकडून खेळत होता. जुलै २०२५मध्ये, ४५व्या वर्षी, तो कॅन्सस सिटीकडून खेळला. तो त्याचा १४वा संघ, आणि सामना होता शिकागोत, कब्जविरुद्ध. दहा वर्षांची अट यानंही पुरी केली, आणि १४ संघ म्हटल्यावर पाच वर्षांच्या अटीचं काय झालं असेल ते वेगळं सांगायला नको.

मालक आणि खेळाडूंची संघटना यांच्यातला सध्याचा करार डिसेंबर २०२६मध्ये संपतो. वाटाघाटीत पगाराच्या मर्यादेवर आणि मिळकतीच्या वाट्यावर भांडण होईल, ते व्हायलाही हवं. संघटनेनं त्या टेबलावर एक छोटी मागणीही ठेवावी असं मला मनापासून वाटतं. पाच वर्षांची अट काढून टाका. ज्यानं दहा वर्षं या लीगमध्ये काढली, मग ती एका शहरात असोत की चौदा शहरांत, त्याला पुढच्या ट्रेडच्या वेळी एकदा विचारलं जावं.