मांजराच्या मिशीपलीकडे

[लॅमिंग्टन रोड, पावसाळी दुपार]

ग्रँट रोड स्टेशनला पूर्वेला उतरलं की लॅमिंग्टन रोड जवळच. इथल्या एका पोटमाळ्यावर, ट्यूबलाइटखाली, तीन सीड्या मांडल्यात. ‘गॅब्रिएल नाइट ३’. सिएरा कंपनीनं १९९९ साली काढलेला संगणकावरचा साहसी खेळ, मालिकेतला शेवटचा.

[सीडी दिव्यासमोर]

मुंबईच्या दमट हवेत सीडीला बुरशी धरते. चकचकीत बाजूचा डाग बहुधा पुसून जातो, कारण तिथं १.२ मिलिमीटर जाडीचं पॉलिकार्बोनेट आहे. खरी भीती छापील बाजूची. प्रकाश परतवणारा थर तिथं वार्निशसारख्या पातळ लेपाखाली असतो; लेप सोलला की थर उडाला, आणि त्याबरोबर माहितीही. म्हणून सीडी आधी दिव्यासमोर धरायची. टाचणीच्या टोकाएवढे उजेडाचे ठिपके दिसले, तर तेवढी जागा गेली.

[हात, पाणी, कापड]

कोमट पाणी, द्रव साबणाचा एक थेंब, मऊ सुती कापड. हात मधल्या भोकाकडून कडेकडे, सरळ. गोल फिरवला तर ओरखडा माहितीच्या रेघेवरूनच धावतो. चुका दुरुस्त करणारी यंत्रणा त्या रेघेवरचं साधारण अडीच मिलिमीटरपर्यंतचं नुकसान भरून काढते. त्याहून लांब ओरखडा तिला झेपत नाही. मग चार एक्सच्या, म्हणजे मूळ वेगाच्या फक्त चौपट, अशा संथ वेगानं प्रत काढायची, तीही दोनदा. दोन्ही प्रतींचे चेकसम, म्हणजे माहितीवरून काढलेले पडताळणीचे आकडे, जुळले तर ठीक, नाहीतर ड्राइव्ह बदलायचा. एकाला न दिसणारं दुसऱ्याला दिसतं.

[स्क्रीन: टेकडीवरचं गाव]

हे दक्षिण फ्रान्समधलं रेन-ल-शातो. मालिकेच्या लेखिका जेन जेन्सन यांच्या १९९३ च्या पहिल्या खेळात रंगवलेली चित्रं होती. १९९५ च्या दुसऱ्यात कॅमेऱ्यासमोर काम करणारे नट, आणि तब्बल सहा सीड्या. तिसरा अख्खा थ्रीडी. खेळाचा नायक गॅब्रिएल दाराशी उभा राहतो आणि खेळणाऱ्याचा कॅमेरा त्याला सोडून एकटाच खोलीभर हिंडतो. पाहा.

[मांजर]

खेळाची बदनामी झाली ती इथं, या एका कोड्यावरून. शेडच्या दाराच्या भोकावर चिकटपट्टी लावायची, मांजरावर पाणी फवारायचं. ते भोकातून पळतं, केस पट्टीला राहतात. मेपल सिरपनं त्या केसांची मिशी चिकटवायची, कारण मोटारसायकल भाड्यानं घ्यायला गॅब्रिएलला त्याचा मित्र मोझली बनायचंय. पण मोझलीला मिशीच नाही! मग त्याच्या पासपोर्टवरच्या फोटोलाही मार्करनं मिशी काढायची. कोडं म्हणून हे फसलंच. ज्याला मिशी नाही त्याच्यासारखं दिसायला मिशी लावावी, हे कुणाला सुचणार?

पण या एका मिशीवरून अख्खा खेळ जोखणं अन्याय आहे.

[नकाशा, जवळून]

हे ‘ल सर्पां रूज’, राशींवरची कविता. गॅब्रिएलची सहकारी ग्रेस ‘सिडनी’ नावाच्या संगणकावर नकाशा उघडते. एकेक कडवं वाचायचं, त्यातली खूण नकाशावर शोधायची. आधी बिंदू, बिंदूंतून वर्तुळ, मग चौकोन, आठ बाय आठची जाळी, षट्कोनी तारा. एक कडवं चुकीचं लावलं तर पुढची आकृती बसतच नाही. इथं चिकटपट्टी नाही, मांजर नाही. नीट वाचणाऱ्यालाच वाट सापडते. साहसी खेळांत इतकं घट्ट विणलेलं कोडं क्वचितच मिळेल.

चौथा भाग आला नाही. २०१४ मध्ये पहिल्याच खेळाची नवी आवृत्ती निघाली, तेवढंच.

[तिसरी सीडी, ड्राइव्हचा आवाज]

तिसऱ्या सीडीच्या कडेला दोन ठिपके आहेत. सीडी आतून बाहेर वाचली जाते, म्हणून ते अगदी शेवटी येतात. ड्राइव्ह अडखळतो, मागे जातो, पुन्हा वाचतो.

दुसरी प्रत. चेकसम जुळला.