कटिंगवरून मशीनवर

नमस्कार मंडळी.

मघाशी ओळख करून देताना सरांनी ‘कौशल्यविकास’ हा शब्द चार वेळा उच्चारला. मला त्या शब्दाचं जरा भयच वाटतं. त्याच्या मागोमाग एक बॅनर येतो, एक टोपी येते, प्रमाणपत्र येतं आणि चहा-बिस्किटं. अशी शिबिरं मी स्वतःच पुष्कळ घेतली आहेत, त्यामुळे तक्रार माझ्याबद्दलचीही आहे असं समजा.

विषय दिलाय ‘अन्नउद्योगातल्या कामगारांचं नवं शिक्षण’. दुधापासून बिस्किटापर्यंत सगळं त्यात येतं, तेवढं मला झेपणार नाही. मी फक्त काजूबद्दल बोलणार आहे. समोर सिंधुदुर्गातले, चंदगड-आजऱ्याकडचे कारखानदार बसलेत. मागच्या दोन रांगांत बसलेल्या बायका शिफ्ट संपवून थेट इथे आल्यात.

ज्यांनी हे काम पाहिलं नाही त्यांच्यासाठी थोडक्यात सांगतो. बी वाळवायची, वाफेवर उकडायची, गार होऊ द्यायची. मग कटिंग. बी दोन पात्यांत धरायची, पायाने पायडल दाबायचं, दांडा ओढायचा, आणि टरफल उघडलं की आतला गर टोकदार सळीने उचलून घ्यायचा. मग बोरम्यात, म्हणजे गरम हवेच्या खोलीत, सत्तर अंशांच्या आसपास काही तास वाळवण. मग सोलणी, ग्रेडिंग, डबा. चार किलो बीतून साधारण एक किलो गर मिळतो. तो अख्खा निघाला तर भाव एक, पाकळी झाली तर कमी आणि तुकडा झाला तर त्याहून कमी. म्हणजे कारखान्याचा नफा कटिंगवाल्या बाईच्या मनगटात असतो.

टरफलातलं तेल कातडी जाळतं. बायका हाताला राख लावतात किंवा खोबरेल. रबरी हातमोजे द्या म्हणून आम्ही शिबिरात सांगत आलो, मालकांनी दिलेही, आणि आठ दिवसांत ते खुंटीला लटकले. आम्ही म्हणालो, ‘जागरूकतेचा अभाव’. खरं कारण मला फार उशिरा कळलं. ते पुढे सांगतो.

आता ग्रेडिंग, म्हणजे गर आकाराप्रमाणे वेगळे करणं. डब्ल्यू-२४० म्हणजे पाउंडाला २२० ते २४० गर, डब्ल्यू-३२० म्हणजे ३०० ते ३२०. दोन गरांच्या वजनात जेमतेम अर्ध्या ग्रॅमचा फरक. टेबलावर बसलेली बाई वजन करत नाही, मोजत नाही, बोलता बोलता गर बरोबर त्या त्या सुपात टाकत जाते. तुला कसं कळतं असं विचारलं तर हसते. तिला कागदावर परीक्षेला बसवाल तर ती नापास होईल. त्याच टेबलावर बसवाल तर तुम्ही-आम्ही नापास.

हे हात आता यंत्राच्या शेजारी आलेत. ते आज ना उद्या होणारच होतं. व्हिएतनामने कटिंग आणि सोलणीची यंत्रं बसवली आणि २००६ च्या सुमारास काजूगराच्या निर्यातीत आपल्याला मागे टाकलं. केरळातलं कोल्लम हे काजूचं माहेरघर. तिथले शेकडो कारखाने गेल्या काही वर्षांत बंद पडले. कामावर बहुतेक बायकाच होत्या. कच्च्या मालाचा भाव, मजुरी, बँकेची कर्जं, कारणं बरीच आहेत, पण हातकामाला यंत्राशी टक्कर द्यावी लागली हे त्यातलं ठळक कारण. तेव्हा यंत्र नको असं म्हणायला मी इथे उभा नाही.

मी एका कारखान्यातली गोष्ट सांगतो, नाव विचारू नका. तिथे कलर सॉर्टर आला. गर वरून घरंगळत येतात, कॅमेरा प्रत्येकाला पाहतो, डाग दिसला की हवेचा फटका मारून त्याला बाजूला उडवतो. कंपनीचा इंजिनिअर दोन दिवस राहिला, मालकांच्या पुतण्याला स्क्रीन शिकवला आणि गेला. ग्रेडिंगच्या बायकांपैकी एका काकीला माल ओतायच्या कामावर ठेवलं, बाकीच्यांना ‘कळवतो’ म्हणाले. तीन आठवड्यांनी मी दुसऱ्याच कामासाठी तिथे गेलो होतो. काकी मला यंत्राच्या मागे घेऊन गेली, नाकारलेल्या मालाचं क्रेट दाखवलं आणि म्हणाली, “सर, ह्या मशीन बऱ्याक वायट म्हणता.”

मी मूठभर गर हातात घेतले. अगदी पांढरेशुभ्र नव्हते, फिकट हस्तिदंती होते. पण पांढऱ्या ग्रेडमध्ये ती छटा चालते! सेटिंग अवाजवी कडक ठेवलं होतं आणि तीन आठवडे चांगला माल डागी म्हणून कमी भावात जात होता. तिला हे पहिल्याच दिवशी दिसलं होतं. मग बोलली का नाही? “आमका कोण इचारता?”

मग आम्ही तिला पाटावर बसवलं. चालतील ते गर एका ताटात, चालणार नाहीत ते दुसऱ्या, आणि शंकेचे तिसऱ्या. इंजिनिअर फोनवर होता. त्या तीन ताटांवरून यंत्र पुन्हा लावलं. नंतर तिला स्क्रीन शिकवला. सगळं इंग्रजीत, म्हणून बटणांवर मराठी चिठ्ठ्या चिकटवल्या. काच कधी पुसायची, कॉम्प्रेसरमधलं पाणी कधी काढायचं, दर तासाला नाकारलेला माल कसा तपासायचा, हे सगळं शिकायला तिला बारा दिवस लागले. त्यातले निम्मे दिवस कशात गेले ठाऊक आहे? बटणाला हात लावायला. “बिघाडला तर पगारातून कापशात.” तेव्हा मालकांनी सगळ्यांसमोर सांगितलं की कापणार नाही. त्यानंतर काम झपाट्याने झालं. माझ्या कुठल्याही स्लाइडपेक्षा ते एक वाक्य जास्त उपयोगी पडलं.

कटिंगच्या यंत्राचंही असंच. आफ्रिकेतून येणारी बी लहान, किलोला साधारण १८० ते २२०. आपल्या वेंगुर्ला-७ या जातीची एक बी दहा ग्रॅमची, म्हणजे किलोला शंभर. बाहेरचा तंत्रज्ञ आफ्रिकन बीवर पाती लावून गेला आणि तुम्ही त्यात गावठी नाहीतर वेंगुर्ल्याचा माल घातला, तर गराचा चुरा होणारच. बी आधी आकाराने वेगळी करायची आणि पात्यांमधलं अंतर त्या त्या मापाला बदलायचं. हे रोज करावं लागतं, म्हणून ते कारखान्यातल्याच माणसाला यायला हवं.

आता हातमोज्यांकडे येतो. एका बाईने मला हिशेब समजावला. मजुरी किलोवर. मोजे घातले की बोटं मंदावतात, दिवसाला गर कमी निघतो, पैसे कमी. हात धुवायला उठलं की पुन्हा तेच. म्हणजे आम्ही शिबिरात जे जे शिकवत होतो ते सगळं तिच्या खिशातून जात होतं. आणि शिबिराचा दिवस? त्या दिवशी किलो शून्य! आम्ही फुकट शिक्षण देतोय अशी आमची समजूत होती, आणि ती दिवसाची मजुरी सोडून आमचं भाषण ऐकत होती.

म्हणून कारखानदारांना माझं मागणं एवढंच आहे. शिकण्याच्या दिवसाची मजुरी तिच्या सरासरी कमाईइतकी द्या. नवं काम अंगवळणी पडेपर्यंत किलोचा दर बाजूला ठेवून दिवसाची ठरलेली मजुरी द्या. आणि शिकून झाल्यावर पगार वाढवा. वाढणार नसेल तर तिने का शिकावं? जबाबदारी वाढली, मजुरी तीच, याला शिक्षण म्हणू नका. आणि हो, जुलैत प्रशिक्षण ठेवू नका. लावणी असते. सभागृह रिकामं दिसलं की अहवालात ‘अल्प प्रतिसाद’ लिहिला जातो.

स्वच्छतेबद्दल एक गंमत सांगतो. आपल्याकडे स्वच्छता म्हणजे पाणी. बादलीभर पाणी ओतून फरशी लखलखीत केली की जिवाला बरं वाटतं. काजूच्या कोरड्या विभागात नेमकं हेच घातक. साल्मोनेलासारखे जंतू कोरड्यात वाढत नाहीत पण महिनोन् महिने जिवंत राहतात, आणि ओल मिळाली की फोफावतात. तिथे झाडू, ब्रश, व्हॅक्यूम. पाणी लागलंच तर जागा पुरती कोरडी होईपर्यंत माल आणायचा नाही. आयुष्यभर सडा-संमार्जन केलेल्या बाईला ‘इथे पाणी नको’ हे पटवायला नुसता नियम पुरत नाही. मी ओल्या आणि कोरड्या फडक्यात आठवडाभर ठेवलेले पोहे दाखवतो. मग कोणी वाद घालत नाही.

सरकारी बाजू लवकर उरकतो. २०११ पासून अन्नसुरक्षेचे नियम लागू आहेत, आणि दर २५ कामगारांमागे एक प्रशिक्षित अन्नसुरक्षा पर्यवेक्षक असावा असा दंडक आहे. कल्पना चांगली. माझ्या पाहण्यात बहुतेक ठिकाणी तो पर्यवेक्षक म्हणजे खुद्द मालक किंवा अकाउंटंट, आणि प्रमाणपत्र ऑफिसात गणपतीच्या फोटोशेजारी. ते ग्रेडिंगच्या टेबलावरच्या बाईला द्या ना! २०२० मध्ये केंद्राने सूक्ष्म अन्नप्रक्रिया उद्योगांसाठी योजना आणली, ३५ टक्के अनुदान, जास्तीत जास्त १० लाख. बँक यंत्राचं कोटेशन मागते. ते चालवणार कोण, हे विचारलेलं मी अजून ऐकलं नाही. अनुभवाने आलेलं कौशल्य तपासून प्रमाणपत्र देण्याची सोयही आहे, आणि ती मला मनापासून आवडते. फक्त ती परीक्षा कामाच्या टेबलावर, हातात माल देऊन व्हावी.

आता अवघड भाग. सॉर्टरला माणसं लागतात दोन. काकी शिकली, बाकीच्यांचं काय? ‘सगळ्यांना मशीन शिकवू’ हे उत्तर खोटं आहे. त्यांच्यासाठी दुसरं काम उभं करावं लागेल, आणि ते आपल्या झाडाखाली कुजतंय. बोंडू, म्हणजे काजूचं रसाळ फळ! गोव्यात त्याची हुर्राक आणि फेणी ही दारू होते, फेणीला २००९ मध्ये भौगोलिक मानांकनही मिळालं. आपल्याकडे बी पिळून काढतात आणि बोंडू टाकून देतात. तो दिवसभरात आंबतो, म्हणून कारखाना बागेजवळच हवा. रसाचा तुरटपणा टॅनिनमुळे असतो, साबुदाण्याची पेज घालून रस निवळता येतो. मग ब्रिक्स, म्हणजे रसातली साखर, मोजणं, आम्लता पाहणं, रस तापवून बाटलीत भरणं. हे काम कटिंगपेक्षा पूर्ण वेगळं आहे, आणि माझ्या अनुभवात कटिंगच्या बायका ते आठ-दहा दिवसांत उचलतात, कारण माल हाताळायची शिस्त त्यांच्या अंगात आधीच असते. अडचण बाजारपेठेची आहे. हंगाम जेमतेम तीन महिन्यांचा, आणि बाटली घेणारा गिऱ्हाईक अजून मुंबईच्या कोकण महोत्सवापुरता. तेव्हा हेही काही जादूचं उत्तर नाही, पण यावर पैसे लावणारा एखादा कारखानदार इथे असेल तर मला त्याच्याशी बोलायचं आहे.

त्या काकी सध्या महिन्याच्या पगारावर आहेत. त्यांच्याबरोबरच्या दोघींना त्याच कारखान्यात पॅकिंगला घेतलं, एक आंब्याच्या कॅनिंगला जाते. उरलेल्यांना ‘कळवतो’ म्हणून सांगितलं होतं, ते अजून कळवायचंच आहे.

बरं, प्रश्न. मागच्या रांगांतल्या बायकांची शेवटची एसटी साडेसातची आहे, म्हणून आधी त्यांचे घेऊ. माईक मागे द्या.