ऑपेरा हाऊस ऐकायला चला

नमस्कार श्रोतेहो.

आज मी तुम्हाला मुंबईतली एक वास्तू ऐकायला पाठवणार आहे. चर्नी रोड स्टेशनला पूर्वेकडे उतरून थोडं चाललं की रॉयल ऑपेरा हाऊस लागतं. गिरगावात, खेतवाडीत वाढलेल्या कित्येकांच्या लेखी ऑपेरा हाऊस म्हणजे बसचा थांबा, हिरेबाजार, रहदारीचा नाका. ज्या इमारतीवरून त्या भागाला हे नाव पडलं, तिच्या आत मात्र त्यांनी पाऊल टाकलेलं नसतं. तेवीस वर्षं तिला कुलूपच होतं, तर जाणार कसे? आता ती उघडी आहे, आणि खेळांखेरीज अधूनमधून जाणत्या माणसाबरोबर आतून फिरून बघण्याची सोयही होत असते.

नाटक किंवा गाणं ऐकायला जाणं वेगळं आणि अशी फेरी वेगळी. खेळाच्या दिवशी आपण तिकीट दाखवतो, खुर्ची शोधतो, दिवे मालवले जातात आणि खेळ संपला की शेवटची लोकल डोळ्यांपुढे असते. फेरीत दिवे लागलेले असतात. मान वर करून बघायला सवड असते. कुणी मागून ढकलत नाही. आणि मनात आलेलं विचारायला माणूस समोर असतो. म्हणून माझं म्हणणं, आधी फेरी करा आणि मग एखाद्या कार्यक्रमाचं तिकीट काढा. पुढचा प्रत्येक कार्यक्रम तुम्हाला निराळा ऐकू येईल.

आत शिरण्याआधी रस्त्यापलीकडे उभं राहून दर्शनी भाग नीट बघून घ्या. ही बरोक पद्धतीची इमारत. बरोक म्हणजे जिथे हात रिकामा ठेवायचा नाही असं ठरवून केलेलं काम. कमानी, खांब, वेलबुट्ट्या, मूर्ती. ही कल्पना निघाली 1908 साली. तिच्यामागे दोन माणसं होती. एक मॉरिस बँडमन, नाटकवाल्या बापाचा नाटकवाला मुलगा. इंग्रजी नाटक कंपन्या घेऊन तो माल्टा, इजिप्त, हिंदुस्थान आणि तिथून पुढे पूर्वेकडे दौरे काढायचा. दुसरे जहांगीर फ्रामजी कराका, कोळशाच्या दलालीत नाव कमावलेले पारशी गृहस्थ. दौऱ्यावरच्या कंपन्यांना मुंबईत हक्काचं, मोठं थिएटर हवं, हा बँडमनचा हिशेब. 1911 साली बादशहा पाचवे जॉर्ज दिल्ली दरबारासाठी आले, तेव्हा त्यांच्या हस्ते उद्घाटन उरकलं गेलं. काम अजून चालूच होतं. इमारत पुरी झाली 1912 मध्ये, आणि त्यानंतरही काही वर्षं भर पडत राहिली.

ही जागाही लक्षात घ्या. इथून जवळच, ग्रँट रोडला, 1846 साली नाना शंकरशेटांनी दिलेल्या जमिनीवर थिएटर उभं राहिलं होतं, आणि 1853 मध्ये सांगलीहून आलेल्या विष्णुदास भाव्यांनी तिथे खेळ केले. पुढे त्याच परिसरात पारशी आणि उर्दू नाटकांची थिएटरं एकाला लागून एक उभी राहिली. त्या भागाला आजही पिला हाऊस, म्हणजे ‘प्लेहाऊस’, म्हणतात. म्हणजे ऑपेरा हाऊस बांधलं गेलं ते नाटकाची चटक आधीच लागलेल्या वस्तीत.

आत आल्याबरोबर दर्शनी दालनात दोन मोठी झुंबरं दिसतात. डेव्हिड ससून यांच्या घराण्याने ती दिली. भायखळ्याला त्यांचा ‘सां सूसी’ नावाचा बंगला होता. आज तिथे मसिना रुग्णालय आहे. बंगल्यातली बैठक गेली, पण त्या घरचा उजेड अजून गिरगावच्या माथ्यावर टांगलेला आहे. सगळे जण इथेच फोटो काढत रेंगाळतात. काढा, पण वेळ थोडा राखून ठेवा, कारण खरी गंमत पुढे आहे.

प्रेक्षागृहात गेल्यावर मधल्या वाटेत थांबा आणि वर बघा. घुमट आठ भागांत विभागलेला आहे, आणि ते भाग कवी, कादंबरीकार आणि नाटककार यांना अर्पण केलेले आहेत. जिथे बसून लोक गाणाऱ्याकडे बघतात, तिथे डोक्यावर लिहिणाऱ्याला जागा दिली आहे. मला हे फार आवडतं. नटाचं नाव फलकावर झळकतं, गायिकेच्या पायाशी फुलं पडतात, आणि शब्द ज्याचा असतो तो बहुधा विंगेत किंवा घरी. इथे त्याला छत बहाल केलं आहे.

आता जिने चढा. गुडघे कुरकुरत असतील तर सावकाश चढा, पण शेवटच्या, सगळ्यांत वरच्या मजल्यापर्यंत जाच. दिमाख खाली असतो. बाजूचे बॉक्स बड्या लोकांचे. पण थिएटर चांगलं की वाईट, ते कळतं वरच्या, स्वस्त तिकिटाच्या जागेवरून. आम्ही वर पोचलो तेव्हा आमच्यातल्या एक काकू पाय दुखतात म्हणून खालीच राहिल्या होत्या. दाखवणाऱ्या मुलीने त्यांना म्हटलं, ‘‘काकू, तिथूनच काहीतरी बोला, अगदी नेहमीच्या आवाजात.’’ काकूंनी पदर सारखा केला आणि बोलण्याऐवजी एका नाट्यपदाच्या दोन ओळी म्हटल्या. आवाज काही तयारीचा नव्हता. घरकाम करताना गुणगुणतात तसा. पण वर आम्हाला शब्द न् शब्द आला. नुसता सूर वर आला असता तर मला एवढं नवल वाटलं नसतं, सूर कुठेही पोचतो. शब्दाच्या शेवटचा ‘त’ आला, ‘स’ आला, ओळ संपल्यावर घेतलेला श्वाससुद्धा आला.

हे कसं होतं? हे थिएटर बांधलं तेव्हा माइक नव्हता. गळ्यातून निघालेला आवाज शेवटच्या रांगेपर्यंत नेण्याची जबाबदारी इमारतीवर होती. बाल्कन्यांच्या पुढच्या कडा गोलाकार, त्यांच्यावर गिलाव्याची उठावाची नक्षी. आपल्याला ती शोभा वाटते, पण सपाट भिंतीवर आवाज आपटून जसा एकाच दिशेने परत फिरतो, तसा अशा खडबडीत पृष्ठभागावरून फिरत नाही. तो विखुरतो, चहूकडे थोडा थोडा वाटला जातो. वरचं छत तो पुन्हा खाली पाठवतं. मग गर्दी भरली की माणसांचे कपडे आणि खुर्च्यांच्या गाद्या जास्तीची घुमणी पिऊन टाकतात. रिकाम्या थिएटरात आवाज थोडा लांबतो, भरलेल्यात तो नेमका होतो. जुने नट प्रयोगाआधी रिकाम्या थिएटरात टाळी वाजवून बघत, ते याचसाठी.

आणि इथेच आपल्या मराठी माणसाचा या वास्तूशी खरा संबंध येतो. ऑपेरा म्हणजे गाऊन सांगितलेलं नाटक. ते आपल्याला परकं नव्हतंच. 1880 साली पुण्यात अण्णासाहेब किर्लोस्करांनी ‘शाकुंतल’ रंगभूमीवर आणलं, तेव्हापासून मराठी प्रेक्षकाला गाऊन बोलणारे नायक-नायिका सवयीचे झाले. बँडमनने थिएटर बांधलं विलायती कंपन्यांसाठी, पण त्यात पुढे बालगंधर्व गायले, मास्टर दीनानाथ गायले. 1913 साली निघालेली गंधर्व नाटक मंडळी आणि 1918 साली निघालेली बळवंत संगीत मंडळी, या कंपन्यांचा तो भरजरी काळ.

जरा डोळे मिटून विचार करा. तिसरी घंटा झाली आहे. धुपाचा वास सुटला आहे. रंगमंचाच्या पायथ्याशी, जिथे ऑपेरात वादकांचा ताफा बसतो, तिथे आपला ऑर्गनवाला बसला आहे, पाय भात्यावर, शेजारी तबला, सारंगी. नांदी सुरू होते. बालगंधर्वांचा आवाज मोठा म्हणून नावाजलेला नव्हता. तो गोड होता, लडिवाळ होता. हळुवार जागा घ्यायची, शब्द ओंजळीत धरावा तसा धरायचा आणि तरीही वरच्या बाल्कनीतल्या गिरणी कामगाराने ‘वन्स मोअर’ म्हणून ओरडायचं, हे घडायला गळा लागतो तसंच घरही लागतं. दीनानाथांची तान तर विजेसारखी. ती सपाट भिंतींच्या हॉलमध्ये एकात एक मिसळून गेली असती.

म्हणून फेरीत झुंबरांविषयी आणि बादशहांविषयी सांगून झालं की तुम्ही आवर्जून विचारा, संगीत नाटकांविषयी सांगा. इथे आपल्या लोकांनी काय केलं ते सांगा. आपण विचारलं तरच ते सांगण्याची रीत पडेल. ही गोष्ट मला फार जिव्हाळ्याची वाटते.

पुढचा इतिहास भरभर सांगते. चित्रपट या थिएटरात लवकर शिरला. 1925 मध्ये पाथे कंपनीने ते आपल्या चित्रपटांसाठी भाड्याने घेतलं. 1935 मध्ये आयडियल पिक्चर्सच्या ताब्यात आल्यावर ते मुख्यतः सिनेमागृह झालं आणि आतल्या मूळ सजावटीत बरेच फेरफार झाले. तरी नाटक अगदी हद्दपार झालं नव्हतं. 1944 साली पृथ्वीराज कपूरांनी पृथ्वी थिएटर्स काढलं आणि त्यांचे प्रयोग इथे होत. खेळ संपल्यावर पृथ्वीराज दाराशी झोळी पसरून, मान खाली घालून उभे राहत. समाजकार्यासाठी लोक त्यात पैसे टाकत. कोण किती टाकतो ते त्यांना बघायचं नसे. फेरीत बाहेर पडताना त्या दाराशी क्षणभर थांबा.

1952 साली गोंडलचे महाराज विक्रमसिंहजी यांनी ही वास्तू घेतली. मग व्हिडिओ आला, केबल आली, एकपडदा सिनेमागृहांचे दिवस फिरले, आणि 1993 मध्ये हे दार बंद झालं. छत गळू लागलं, गिलावा सुटला. त्या जागी एखादा टॉवर सहज उभा राहिला असता. तो राहिला नाही, याबद्दल गोंडल घराण्याचे आभार मानायला हवेत. ज्योतेंद्रसिंहजींनी वास्तुविशारद आभा नारायण लांबा यांच्याकडे काम सोपवलं आणि 2008 साली दुरुस्ती सुरू झाली. 2012 मध्ये वर्ल्ड मॉन्युमेंट्स फंड या संस्थेच्या धोक्यात आलेल्या वारसास्थळांच्या यादीत या वास्तूचं नाव आलं. जुनी छायाचित्रं मिळवून मूळचं रूप कसं होतं ते ताडायचं, मग गवंड्याने, सुताराने, काचकाम करणाऱ्याने ते हाताने पुन्हा घडवायचं, असं हे चिकाटीचं काम. ऑक्टोबर 2016 मध्ये थिएटर उघडलं, तेव्हा मुंबईत जन्मलेल्या सोप्रानो, म्हणजे उंच पट्टीत गाणाऱ्या, गायिका पॅट्रिशिया रोझारिओ इथे गायल्या. पुढच्याच वर्षी युनेस्कोचा आशिया-पॅसिफिक वारसा पुरस्कार या कामाला मिळाला. आज इथे 575 जण बसतात. भारतात उरलेलं हे एकमेव ऑपेरा हाऊस.

जाणार असाल तर फेरीची तारीख आधी विचारून घ्या, कारण तालमी आणि प्रयोग असतात तेव्हा आत सोडत नाहीत. सुट्टीच्या दिवशी सकाळी बरं पडतं, स्टेशनची गर्दी कमी असते. फेरी आटोपली की तसंच चालत केळेवाडीत साहित्य संघ मंदिरापर्यंत जा. तिथल्या पाट्यांवर कुठलं नाटक लागलं आहे ते बघा.

आणि माझी एक विनंती आहे, खास वडीलधाऱ्या श्रोत्यांना. तुमच्यापैकी कुणी ऑपेरा हाऊसला सिनेमा पाहिला असेल, कुणाच्या आईने, आजीने तिथे संगीत नाटक पाहिलं असेल. घरातल्या पत्र्याच्या ट्रंकेत जुनं हँडबिल, पदांचं पुस्तक, तिकिटाचा अर्धा तुकडा, थिएटरपुढे काढलेला फोटो असू शकतो. दिवाळीच्या साफसफाईत ते रद्दीत घालू नका. एखादी नात, एखादा भाचा तिकडे जात असेल तर त्याच्या फोनमध्ये त्याचा फोटो काढून द्या, मागे कोण होतं, कुठलं साल होतं ते आठवेल तेवढं सांगा, आणि फेरी दाखवणाऱ्यांना तो आवर्जून दाखवायला सांगा.

नमस्कार.