काठावरची मुलं

श्रोतेहो, नमस्कार.

परीक्षा जवळ आली की प्राथमिक शाळेचं वेळापत्रक हळूच बदलतं. चित्रकलेचा तास गणिताला जातो, विज्ञानाचा वाचनाला. गोष्ट सांगता सांगता बाई थांबतात आणि चार पर्यायांतून एक कसा निवडायचा, ते शिकवू लागतात. हे तर दिसतं. मी आज बोलणार आहे ते सहसा न दिसणाऱ्या मुलांबद्दल.

अमेरिकेत 2002 साली कायदा झाला, तो 2015 पर्यंत होता. तिसरी ते आठवीच्या मुलांची दरवर्षी वाचन आणि गणिताची चाचणी घ्यायची, आणि 2014 पर्यंत प्रत्येक मूल ठरलेल्या पातळीला पोचलंच पाहिजे. नाही पोचलं, तर शाळेवर कारवाई. हेतू चांगला होता. मागे पडलेल्या मुलांकडे कुणाचं दुर्लक्ष होऊ नये. पण शाळेचा हिशेब एकाच आकड्यावर आला : किती टक्के मुलांनी रेघ ओलांडली?

मग वर्गाचे आपोआप तीन भाग पडतात. काही मुलं रेघ ओलांडणारच, त्यांची काळजी नाही. काही काठावर, दोन-तीन गुणांनी अडलेली. जादा तास त्यांना. तिकडे त्यांना 'बबल किड्स' म्हणतात. आणि उरलेली फार मागची. वर्षभरापूर्वी अक्षर न ओळखणारी मुलगी आज अख्खा परिच्छेद वाचते. केवढी मोठी मजल! पण रेघेच्या खालीच आहे, म्हणून त्या टक्केवारीत तिची ही मजल शून्य. मला हे फार लागतं. शिक्षकांना दोष देववत नाही, त्यांची नोकरी त्या आकड्याला टांगलेली असते.

अटलांटा शहरात तर 2011 च्या चौकशी अहवालात 44 शाळांमधल्या 178 शिक्षक-मुख्याध्यापकांवर गैरप्रकारांचा ठपका आला. कुठे मुलांची चुकलेली उत्तरं खोडून बरोबर केली होती. ज्या मुलाला वाचता येत नव्हतं, ते कागदावर वाचू लागलं. मग त्याला मदत हवी आहे, हे कळणार कसं?

1905 साली पॅरिसमध्ये मानसशास्त्रज्ञ आल्फ्रेड बिने यांनी मुलांसाठी चाचणी तयार केली, ती नेमकी अशी मुलं ओळखण्यासाठी.

पालकहो, पुढच्या पालकसभेत गुण जरूर बघा. पण शिक्षकांना एवढंही विचारा : गेल्या वर्षी माझ्या मुलाला जे येत नव्हतं, त्यातलं आज काय येतं?

नमस्कार.