ऱ्हाइनकाठचा पंखा

(पडद्यावर: पिवळा पडलेला छापील तक्ता, त्यावर शाईनं भरलेल्या ओळी.)

'हिवाळ्यात वाळकी पानं हवेत भिरभिरतात.' हे पहिलं वाक्य. 'शेगडीत कोळसे घाल, म्हणजे दूध लवकर उकळायला लागेल.' हे तिसरं. अशी वाक्यं छापलेला कागद जर्मनीतल्या गावोगावच्या शाळांमध्ये पोस्टानं पोचला. मास्तरांना काम एवढंच की, ही वाक्यं तुमच्या गावात जशी बोलतात तशी लिहून परत पाठवा. मास्तर परगावचे असले, तर वर्गातल्या पोरांना विचारून लिहा.

कागद पाठवणारा होता डुसेलडॉर्फचा गेओर्ग वेंकर. 1876 साली त्यानं सुरुवात केली तेव्हा त्याचं वय होतं 24. आधी फक्त ऱ्हाइन प्रांत घेतला. मग काम वाढत वाढत सगळ्या जर्मन साम्राज्यावर पसरलं, वाक्यं शेवटी 40 ठरली आणि भरून आलेले कागद 40,000च्या वर गेले. मारबुर्गमध्ये बसून या कागदांवरून हातानं, रंगीत शाईनं नकाशे काढले गेले. 1911 साली वेंकर वारला तेव्हाही ते काम संपलेलं नव्हतं.

मास्तरांनी लिहिलं ते साध्या अक्षरांत, कानाला जसं लागलं तसं. उच्चाराचे बारकावे त्यात नाहीत, अशी टीका तेव्हाही झाली आणि ती खरी होती. पण इतकं दाट जाळं भाषेवर तोवर कुणी टाकलेलं नव्हतं.

(पडद्यावर: लाइप्झिग विद्यापीठ, जुनं छायाचित्र.)

त्याच सुमारास लाइप्झिगमध्ये काही तरुण अभ्यासक एक मोठा दावा करत होते. लोक त्यांना नववैयाकरण म्हणत. 1878 साली ऑस्टहॉफ आणि ब्रुगमान या दोघांनी तो दावा स्वच्छ मांडला: ध्वनी बदलतो तो नियमानं, आणि या नियमाला अपवाद नसतो. एखाद्या शब्दात 'प'चा 'फ' झाला, तर त्या भाषेत तशाच जागी असलेल्या प्रत्येक 'प'चा 'फ' व्हायला हवा. अपवाद दिसलाच तर समजावं, की तो शब्द उसना आलाय, किंवा दुसऱ्या शब्दाच्या वळणावर गेलाय, किंवा खरा नियमच आपल्याला अजून सापडलेला नाही.

त्यांचं आणखी एक सांगणं होतं, आणि ते मला जास्त महत्त्वाचं वाटतं. मृत भाषांची मुळं घडवत बसण्याच्या कोंदट कारखान्यातून बाहेर पडा, ते म्हणत. आज बोलल्या जाणाऱ्या बोलींकडे या. तिथं नियम डोळ्यांदेखत चालताना दिसेल.

पुष्कळ ठिकाणी असं वाचायला मिळतं की, हा सिद्धान्त पडताळायला म्हणूनच वेंकरनं सर्वेक्षण काढलं. तारखा बघितल्या तर ते बसत नाही. त्याचे पहिले कागद 1878च्या त्या दाव्याच्या दोन वर्षं आधी निघाले होते. त्याला शोधायच्या होत्या बोलींच्या सीमा. इथून इथपर्यंत ही बोली, पलीकडे ती, अशी ठळक रेघ मिळेल अशी त्याची अपेक्षा होती.

(पडद्यावर: ऱ्हाइनचं पात्र, वरून. बोट प्रवाहाविरुद्ध दक्षिणेला निघते.)

आता नदीवरून चला.

हजारेक वर्षांपूर्वीच, किंबहुना त्याही आधी, दक्षिणेकडच्या जर्मन बोलींमध्ये प, त, क हे ध्वनी बदलले. उत्तरेत आणि इंग्रजीत ते जागेवर राहिले. इंग्रजीत 'मेक', प्रमाण जर्मनमध्ये 'माखेन'. इंग्रजीत 'ॲपल', जर्मनमध्ये 'आप्फेल'. इंग्रजीत 'दॅट', जर्मनमध्ये 'दस'. नियम एकच असेल तर नकाशावर रेघही एकच हवी: अलीकडे सगळे जुने ध्वनी, पलीकडे सगळे नवे.

पूर्वेकडच्या मोठ्या पट्ट्यात रेघा बऱ्याचशा एकमेकींना धरून जातात. ऱ्हाइनजवळ आल्या की सुटतात.

उर्डिंगेनच्या उत्तरेला जुन्या गावबोलीत 'मी' म्हणजे 'इक', 'करणे' म्हणजे 'माकेन', गाव म्हणजे 'डॉर्प', 'ते' म्हणजे 'दत', सफरचंद म्हणजे 'आपेल'. सगळं जुनं. थोडं दक्षिणेला डुसेलडॉर्फला या. 'इक'चं 'इख' झालंय, पण 'माकेन' तसंच. क तोच, एका शब्दात बदलला, दुसऱ्यात नाही. बेनराथ या गावापाशी नकाशावरची पुढची रेघ ओलांडून कोलोनला पोचा, तर 'माखेन' ऐकू येतं. 'डॉर्प' मात्र हलत नाही. कोब्लेन्झला 'डॉर्फ' होतं, 'दत' राहतं. माइन्झला 'दस' झालं, तरी सफरचंद 'आपेल'च. आणखी दक्षिणेला गेल्यावर एकदाचं 'आप्फेल' मिळतं.

(पडद्यावर: नकाशावर पाच रेघा पूर्वेकडून एकत्र येतात आणि नदीपाशी पंख्यासारख्या उघडतात.)

अभ्यासक याला ऱ्हाइनचा पंखा म्हणतात.

हा पंखा उघडला कशानं? थिओडोर फ्रिंग्स आणि त्याच्या सहकाऱ्यांनी 1926 साली दिलेलं उत्तर ध्वनिशास्त्रातलं नव्हतं, इतिहासातलं होतं. या रेघा जुन्या सत्तांच्या हद्दींशी बऱ्याच जुळतात. कोलोन, त्रिअर आणि माइन्झ इथले आर्चबिशप नुसते धर्मगुरू नव्हते, मुलूख राखणारे सत्ताधीश होते. माणसं कुठल्या बाजाराला जायची, कर कुठं भरायची, कज्जे कुठं चालायचे, लग्नं कुठवर जुळायची, हे त्या हद्दींवरून ठरायचं. दक्षिणेतून येणारे नवे उच्चार त्या मुलखांत शिरले आणि हद्दीशी अडले. कोलोनचा दरारा मोठा, म्हणून तिथलं 'इख' शहराबाहेर लांबवर पसरलं. 'माखेन'ला तेवढी मजल मारता आली नाही.

म्हणजे नियम खोटा ठरला का? नाही. दक्षिणेच्या टोकाला उभं राहून पाहिलं तर बदल जवळपास पूर्ण आणि नियमबद्धच दिसतो. पण तो तिथून निघाल्यावर माणसांच्या तोंडून, शब्दाशब्दाला चिकटून पुढे गेला. नववैयाकरणांनी बदल कुठं पोचतो ते अचूक हेरलं होतं. वाट दाखवली ती बोलींनी.

(पडद्यावर: फ्रान्सचा ग्रामीण रस्ता, धूळ.)

पलीकडे फ्रान्समध्ये जूल जिलिएराँ या स्विस अभ्यासकानं पोस्टावर भरवसा ठेवला नाही. त्यानं एका माणसाचे कान निवडले. त्याचं नाव एदमों एदमों. नाव आणि आडनाव कानाला सारखंच लागतं. व्यवसाय, किराणा दुकान. शिक्षण घेतलेला पंडित आपल्या सिद्धान्ताला सोयीचं ऐकतो, दुकानदार ऐकेल तेच लिहील, असा यामागचा हिशेब. 1897 ते 1901 या काळात एदमोंनं 639 ठिकाणं पालथी घातली. त्या नोंदींचा नकाशासंग्रह 1902 ते 1910 या वर्षांत छापून निघाला.

त्यातला एक नकाशा कोंबड्याचा.

नैर्ऋत्य फ्रान्समधल्या गास्कोनीत लॅटिनमधल्या जोड-ल चा शब्दाच्या शेवटी 'त' होतो. लॅटिनमध्ये कोंबडा म्हणजे 'गालुस', तेव्हा नियमानं तिथं 'गात' व्हायला हवा. पण मांजर हा शब्दही वेगळ्या वाटेनं येऊन 'गात'च झालेला. अंगण एक, त्यात कोंबडा 'गात' आणि त्याच्यावर टपलेलं मांजरही 'गात'. शेतकऱ्याचं कसं चालायचं? बरोबर त्याच भागात कोंबड्याला भलतेच शब्द मिळाले. कुठं त्याला तित्तिरकुळातल्या फेझंट पक्ष्याचं नाव दिलं, तर कुठं चक्क एका जुन्या हुद्देदाराचं. अंगणात तोऱ्यात फिरणाऱ्या कोंबड्याला अधिकाऱ्याचं पद देणारी ती माणसं मिश्कील असणार, दुसरं काय!

ध्वनी आंधळेपणानं बदलत जातो, हे इथंही कबूल. पण त्या बदलामुळे अडचण झाली की बोलणारे हात बांधून बसत नाहीत.

(पडद्यावर: आल्प्सच्या कुशीतलं गाव.)

पण एवढ्या सगळ्या नकाशांत प्रत्येक गावाचा आवाज एकच धरलेला होता. स्वित्झर्लंडच्या लुई गोशानं उलटं केलं. गाव एकच घेतलं, शार्मे, आणि त्यातली माणसं वयावार ऐकली. 1905 साली त्यानं जे मांडलं ते असं: तालूला जीभ टेकवून उच्चारायचा एक 'ल' म्हातारी माणसं टिकवून होती. तरुण त्याच्या जागी 'य' म्हणत. मधल्या वयाची माणसं कधी हा उच्चार करत, कधी तो. नव्या उच्चारांत बायका पुढे असतात, हेही त्यानं टिपलं. 1929 साली एडुआर्ड हेर्मान त्याच गावात जाऊन आला, तेव्हा काही बदल पुढे सरकलेले होते, काही होते तिथंच. निव्वळ वयावरून भविष्य वर्तवू नये, हे तेव्हापासून कळलं. पुढे अमेरिकेत विल्यम लबॉव्हनं 1963 साली मार्थाज व्हिनयार्ड बेटावरच्या कोळ्यांच्या उच्चारांवर जे काम प्रसिद्ध केलं, त्याची पाळंमुळं या गावात आहेत.

(पडद्यावर: विदर्भातलं बसस्थानक, माणसांची ये-जा.)

'ल'च्या घरातल्या ध्वनीचा 'य' होणं आपल्याला परकं नाही. वऱ्हाडात 'डोळा'चा 'डोया' होतो, 'काळा'चा 'काया', 'केळी'ची 'केयी'. हा गावंढळ उच्चार नव्हे. शार्मेच्या तरुणांनी केला त्याच जातीचा हा बदल, फक्त आपला 'ळ' मूर्धन्य, म्हणजे जीभ मागे वळवून उच्चारायचा. नियम सरसकट लावला तर 'माळ' आणि 'माय' एक होतात. तरी गास्कोनीसारखी पंचाईत होत नाही, कारण गळ्यात घालायची वस्तू आणि हाक मारायची आई एका वाक्यात सहसा एकमेकींच्या जागी येत नाहीत. कोंबडा आणि मांजर मात्र एकाच अंगणात असतात.

ग्रिअर्सनच्या भारतीय भाषा सर्वेक्षणाचा मराठीचा खंड 1905 साली निघाला. त्यात बायबलमधल्या उधळ्या पुत्राची गोष्ट बोलीबोलींतून लिहवून घेतलेली आहे. एका बोलीचा एखाददुसरा नमुना. वेंकरचं जाळं त्यापेक्षा कितीतरी दाट होतं. अलीकडे पुण्याच्या डेक्कन कॉलेजनं बोलींचं सर्वेक्षण हाती घेतलं, गावोगाव जाऊन माणसांचे आवाज ध्वनिमुद्रित केले, आणि ते ऐकायला खुले ठेवले.

या सामग्रीला आता गोशाचा प्रश्न विचारता येतो. एकाच गावातली आजी, सून आणि शाळेत जाणारी नात यांच्यात 'य' कोण किती राखून आहे? इथं बदल उलटा फिरण्याची शक्यता जास्त, कारण फळ्यावर 'ळ' आहे. माझा अंदाज असा की, 'ळ' परत येईल तोही शब्द निवडत येईल. 'शाळा' आधी सुधारली जाईल, कारण तो शब्द रोज लिहावा लागतो. 'डोया' बराच काळ टिकेल.