सुट्टीचा पहिला दिवस

(दृश्य: स्वयंपाकघराची भिंत, खिळ्याला अडकवलेली दिनदर्शिका.)

कोल्हापुरातल्या घरांमध्ये भिंतीवरची दिनदर्शिका ही तारखा पाहण्यापेक्षा नोंदी ठेवण्यासाठीच अधिक वापरली जाते. गॅसची टाकी कधी लावली, दूध कोणत्या दिवशी घेतले नाही, भिशीचा हप्ता कधी द्यायचा, हे सारे त्या लहान चौकटींत पेनाने टिपलेले असते. या दिनदर्शिकेत जुलै 2026 च्या पानावर 15 तारखेभोवती एक गोल काढलेला आहे. ही डॉक्टरांनी दिलेली बाळंतपणाची तारीख आहे.

गोल काढणारी स्त्री शिरोलीच्या औद्योगिक वसाहतीत, एका कारखान्याच्या तपासणी विभागात काम करते. यंत्रावरून उतरलेला प्रत्येक सुटा भाग हातात घ्यायचा, गेज लावायचे, माप पाहायचे आणि पास किंवा रिजेक्ट असा शेरा मारायचा, हे काम ती दिवसभर टेबलाशी उभी राहून करते. तिला आम्ही नाव दिलेले नाही, कारण हिशेब समजावा म्हणून घेतलेले ते एक उदाहरण आहे. मात्र तिच्यापुढचा प्रश्न या शहरातल्या पुष्कळ जणींचा आहे. प्रसूती रजा किती मिळते हे आता बहुतेकींना ठाऊक असते. ती कोणत्या दिवशी सुरू करायची, हे ठरवताना मात्र गोंधळ होतो, आणि पगाराचा बराचसा हिशेब त्या एका दिवसावर अवलंबून असतो.

आधी 15 जुलै ही तारीख कशी आली ते पाहू. शेवटच्या पाळीचा पहिला दिवस 8 ऑक्टोबर 2025 होता, आणि त्यात 280 दिवस मिळवले की 15 जुलै 2026 येते. पहिल्या सोनोग्राफीनंतर ही तारीख काही वेळा मागेपुढे होते, म्हणून कार्यालयात द्यायच्या अर्जावर डॉक्टरांच्या दाखल्यातलीच तारीख लिहावी. कायदा प्रसूतीच्या अपेक्षित दिवसापासून मोजतो. बाळ प्रत्यक्षात त्या दिवशी येईलच असे कोणी सांगू शकत नाही, पण रजेची सारी आखणी याच खुंटीला बांधलेली असते.

(दृश्य: बोट दिनदर्शिकेची पाने मागे उलटते.)

1961 च्या प्रसूती लाभ कायद्यात 2017 साली दुरुस्ती झाली आणि 12 आठवड्यांची भरपगारी रजा 26 आठवड्यांची झाली. हेच नियम आता सामाजिक सुरक्षा संहिता, 2020 मध्ये आले असून ती 21 नोव्हेंबर 2025 पासून लागू झाली आहे. या 26 आठवड्यांपैकी जास्तीत जास्त 8 आठवडे अपेक्षित तारखेच्या आधी घेता येतात. दोन अपत्ये हयात असतील, तर पुढच्या बाळंतपणाला 12 आठवडे मिळतात आणि त्यांतले 6 आधी घेता येतात.

येथे एक गैरसमज दूर करायला हवा. 8 आठवडे ही वरची मर्यादा आहे, ते आधी घेतलेच पाहिजेत असे बंधन नाही. आधी न घेतलेले दिवस वाया जात नाहीत. ते बाळंतपणानंतरच्या रजेत मिळतात. आपल्या उदाहरणात आठ आठवडे मागे मोजले की 20 मे येतो. त्या दिवशी रजा सुरू झाली तर 182 दिवस 17 नोव्हेंबरला संपतात, 18 नोव्हेंबरला कामावर हजर व्हावे लागते आणि बाळ तेव्हा 18 आठवड्यांचे असते. तीच रजा 1 जुलैला सुरू केली तर ती 29 डिसेंबरला संपते आणि आई कामावर जाऊ लागते तेव्हा बाळ 24 आठवड्यांचे झालेले असते. प्रसूती तारखेच्या पुढे लांबली तर एकूण रजा वाढत नाही, नंतरचे दिवस तेवढे कमी होतात. आणि बाळ लवकर आले तर रजेचा उरलेला सारा भाग त्याच्यासोबत घालवता येतो.

घरातली रीत मात्र निराळे सांगते. सातव्या महिन्यात डोहाळजेवण होते, हिरवी साडी नेसवून ओटी भरली जाते, फोटो निघतात आणि पहिलटकरणीला माहेरी न्यायची बोलणी सुरू होतात. सासूबाई म्हणतात, "आता कशाला दगदग करतीस?" त्यांच्या म्हणण्यात माया असते, पण सातवा महिना संपण्याआधी माहेरी गेले, तर 20 मेच्या आधीचे दिवस प्रसूती रजेत बसत नाहीत. ते आपल्या शिल्लक अर्जित रजेतून किंवा बिनपगारी जातात. गर्भारपणामुळे आजार उद्भवल्यास एक महिन्यापर्यंतची जादा भरपगारी रजा मात्र वैद्यकीय पुराव्यावर मिळू शकते.

काम न सोडता आराम मिळावा अशी तरतूदही कायद्यात आहे, आणि ती फारशी वापरली जात नाही. अपेक्षित तारखेच्या सहा आठवडे आधीचा जो एक महिना असतो, म्हणजे येथे 3 मे ते 2 जून, त्या काळात तिने विनंती केली तर तिला कष्टाचे किंवा फार वेळ उभे राहण्याचे काम देता येत नाही. पुढच्या सहा आठवड्यांत ती कामावर येत राहिली, तर तेव्हाही हा नियम लागू होतो, आणि हलके काम दिले म्हणून पगार कापता येत नाही. तपासणीच्या टेबलाशी एक उंच स्टूल मागणे हा तिचा हक्क आहे. फक्त विनंती तोंडी न करता लेखी करावी आणि प्रतीवर पोच घ्यावी.

(दृश्य: पगारपत्रकाचा कागद, शेजारी उघडी वही.)

आता पैशांचा हिशेब. रजेच्या काळात सरासरी दैनिक वेतनाच्या दराने लाभ मिळतो, आणि ही सरासरी रजा सुरू होण्याच्या लगतच्या आधीच्या तीन कॅलेंडर महिन्यांत, काम केलेल्या दिवसांच्या वेतनावरून काढतात. ओव्हरटाइमची रक्कम त्यात सहसा धरली जात नाही. समजा, आपल्या उदाहरणातल्या स्त्रीला मार्चअखेरपर्यंत रोजचे 840 रुपये मिळत होते आणि एप्रिलच्या वाढीनंतर 900 रुपये मिळू लागले. रजा 20 मेला सुरू केली तर फेब्रुवारी, मार्च आणि एप्रिल हे तीन महिने धरले जातील, आणि तिन्ही महिन्यांत हजेरी सारखीच भरली असेल तर सरासरी 860 रुपये येईल. 1 जुलैला सुरू केली तर एप्रिल, मे आणि जून धरले जातील आणि सरासरी पूर्ण 900 रुपये होईल. 182 दिवसांना पहिल्या दराने 1,56,520 रुपये होतात आणि दुसऱ्या दराने 1,63,800. फरक 7,280 रुपयांचा आहे. पाय सुजले असतील, रक्तदाब वाढला असेल, तर एवढ्या पैशांसाठी सहा आठवडे उभे राहण्यात काही शहाणपण नाही. पण प्रकृती ठणठणीत असेल, तर हा हिशेब माहीत असलेला बरा.

यापेक्षा मोठा फरक रविवारचा आहे. रोजंदारीवर काम करणाऱ्यांना साप्ताहिक सुट्टीचा पगार मिळत नाही, म्हणून लाभही आठवड्याच्या सहाच दिवसांचा द्यावा, असा युक्तिवाद एकेकाळी केला गेला. तमिळनाडूतल्या मळ्यात काम करणाऱ्या एका स्त्रीचे प्रकरण सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेले आणि 1977 साली न्यायालयाने ठरवले की आठवडा म्हणजे रविवार धरून सात दिवस. त्यामुळे 26 आठवड्यांचे 156 नव्हे, तर 182 दिवस होतात. 900 रुपयांच्या दराने या 26 रविवारांचे 23,400 रुपये होतात. सव्वीस हजेऱ्या भरल्यावर मिळणारा हा तिचा पूर्ण एका महिन्याचा पगार आहे. पगारपत्रक हातात आल्यावर आधी हा आकडा तपासावा.

पैसे कधी मिळावेत, हेही ठरलेले आहे. प्रसूतीपूर्वीच्या काळाची रक्कम गर्भारपणाचा दाखला दिल्यावर आगाऊ द्यायची असते आणि उरलेली रक्कम बाळंतपणाचा पुरावा दिल्यापासून 48 तासांच्या आत. मालकाकडून मोफत वैद्यकीय सोय होत नसेल, तर 3,500 रुपयांचा वैद्यकीय बोनस वेगळा मिळतो. अनेक कार्यालये नेहमीच्या पगाराप्रमाणे महिन्याच्या महिन्याला पैसे जमा करतात आणि स्त्रियाही ते चालवून घेतात. पगार नियमित येत असेल तर तक्रारीचे कारण नाही, पण "रुजू झाल्यावर एकदम देऊ" असे उत्तर मिळाले, तर ते कायद्याला धरून नाही.

(दृश्य: गोकुळ शिरगाव, सकाळची पाळी. फाटकाबाहेर कंत्राटदाराचा माणूस हजेरी घेतो आहे.)

हा हक्क मिळण्याची अट एकच आहे: अपेक्षित तारखेच्या आधीच्या 12 महिन्यांत किमान 80 दिवस काम झालेले असावे. ले-ऑफचे, म्हणजे काम नाही म्हणून मालकाने घरी बसवलेले दिवस आणि पगारी सुट्ट्याही त्यात मोजल्या जातात. एखादी स्त्री 2 फेब्रुवारी 2026 ला कामावर लागली आणि रविवार सोडून रोज आली, तर 19 मेपर्यंत तिचे 92 दिवस भरतात. मधे 15 खाडे झाले असतील तर 77 होतात, आणि तिने आणखी तीन दिवस काम करून मगच रजा सुरू करणे शहाणपणाचे आहे. कंत्राटदाराच्या मस्टरवर हजेरी नीट लागत नसेल, तर मोबाइलमध्ये त्या पानाचा फोटो काढून ठेवावा. हंगामी किंवा रोजंदारीवर आहे म्हणून हा लाभ नाकारता येत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने दिल्ली महापालिकेच्या मस्टरवरच्या स्त्री कामगारांच्या प्रकरणात 2000 सालीच स्पष्ट केले आहे.

ज्यांचा पगार दरमहा 21,000 रुपयांपर्यंत आहे आणि ज्यांची कामगार विम्याची वर्गणी कापली जाते, त्यांना लाभ मालकाकडून नव्हे तर कर्मचारी राज्य विमा महामंडळाकडून मिळतो. रजा तेथेही 26 आठवड्यांचीच आहे, मात्र अट वेगळी आहे: लगतच्या दोन वर्गणी-कालखंडांत मिळून 70 दिवसांची वर्गणी भरलेली असावी. हे कालखंड एप्रिल ते सप्टेंबर आणि ऑक्टोबर ते मार्च असे असतात, त्यामुळे नव्याने लागलेल्या स्त्रीने आपले दिवस कोणत्या कालखंडात पडतात, हे विमा कार्यालयात आधीच विचारून घ्यावे. राज्य सरकारच्या सेवेतल्या स्त्रियांसाठी सेवा नियमांनुसार 180 दिवसांची रजा आहे.

(दृश्य: बिंदू चौक, महात्मा फुले आणि डॉ. बाबासाहेब आंबेडकर यांचे पुतळे.)

हे पुतळे बाबासाहेबांच्या हयातीत, 1950 साली, येथे उभे राहिले, हे कोल्हापूरकर अभिमानाने सांगतात. या चौकात येण्याचे आमचे कारण मात्र थोडे वेगळे आहे. 1928 साली मुंबईच्या कायदेमंडळात गिरणी कामगार स्त्रियांना प्रसूतीच्या काळात मदत देणारे विधेयक चर्चेला आले, तेव्हा बाबासाहेब त्याच्या बाजूने बोलले, आणि या खर्चाचा भार मुख्यत्वे सरकारने उचलावा असे त्यांनी मांडले. मुंबई प्रांताचा प्रसूती लाभ कायदा 1929 साली झाला. भार कोणी उचलायचा, हा वाद शंभर वर्षे होत आली तरी लहान कारखानदारांच्या बोलण्यात आजही ऐकू येतो.

(दृश्य: कोल्हापुरी चपलेची वेणी विणणारे हात.)

चपलेची वेणी घरी बसून विणणाऱ्या स्त्रीला मालक नाही, मस्टर नाही, त्यामुळे 26 आठवडेही नाहीत. तिच्यासाठी प्रधानमंत्री मातृ वंदना योजना आहे. पहिल्या अपत्यासाठी 3,000 आणि 2,000 असे दोन हप्ते मिळतात. दुसरे अपत्य मुलगी असेल तर एकदम 6,000 रुपये मिळतात. नोंदणी अंगणवाडी सेविका किंवा आशाताई करून देतात. ही रक्कम रजेच्या पगाराची बरोबरी करू शकत नाही, हे उघड आहे.

(दृश्य: पंचगंगेचा पूल, राजाराम बंधारा, पावसाची झड.)

पुन्हा 15 जुलैकडे येऊ, कारण कोल्हापुरात या तारखेला एक वेगळा अर्थ आहे. राजाराम बंधाऱ्यावर पंचगंगेची इशारा पातळी 39 फूट आणि धोका पातळी 43 फूट आहे. 2019 आणि 2021 च्या पुरांत शिरोलीजवळ पुणे-बंगळूर महामार्ग पाण्याखाली जाऊन बंद पडला होता. 1 जुलैपर्यंत कामावर जायचे ठरवले, तर भरल्या महिन्यात शहरातून शिरोलीला रोज हा पूल ओलांडावा लागणार. माहेर गगनबावड्याच्या किंवा शाहूवाडीच्या बाजूला असेल, तर पाऊस लागण्याआधीच निघावे लागेल. आमच्या मते या स्त्रीने जूनच्या पहिल्या आठवड्यात रजा सुरू करावी. 1 जूनला सुरू केली तर मार्च, एप्रिल आणि मे धरून सरासरी 880 रुपये येते, आणि रजा 29 नोव्हेंबरला संपते. पैशांत थोडे कमी पडते, पण रस्त्याची चिंता राहत नाही.

(दृश्य: पुन्हा दिनदर्शिका. पेनाने चार तारखांवर खुणा होतात.)

तिने चार खुणा केल्या आहेत. 3 मे, हलक्या कामाच्या अर्जासाठी. 1 जून, रजेचा पहिला दिवस. 15 जुलै. आणि 30 नोव्हेंबर, पुन्हा कामावर हजर होण्याचा दिवस. त्यानंतर बाळ 15 महिन्यांचे होईपर्यंत तिला रोज दोन वेळा स्तनपानासाठी भरपगारी विश्रांती मिळेल, आणि कारखान्यात 50 किंवा अधिक कामगार असतील तर पाळणाघराची सोय आणि तेथे दिवसातून चार वेळा जाण्याची मुभा. ती मुदत 15 ऑक्टोबर 2027 ला संपते. ती तारीख या दिनदर्शिकेत नाही, म्हणून तिने मागच्या कोऱ्या पानावर लिहून ठेवली आहे, गॅसच्या टाकीच्या नोंदीखाली.