कंडक्टरचं ‘आणि’

एसटीत अर्धं तिकीट कुणाला, असं विचारलं तर इथं बसलेलं कुणीही सांगेल : ५ ते १२ वर्षांची मुलं आणि ६५ च्या पुढचे ज्येष्ठ. मार्च २०२३ पासून महिलाही त्यात आल्या, पण त्यांच्या सवलतीला वयाची अट नाही. म्हणून त्यांना तूर्त बाजूला ठेवतो. पंचाहत्तरीच्या पुढच्या मंडळींकडे शेवटी येतो.

आता हेच वाक्य फळ्यावर मांडू. वयाला ‘व’ म्हणू. मुलांची अट ५ ≤ व ≤ १२, ज्येष्ठांची व ≥ ६५. अशी लहान-मोठेपणाची अट म्हणजे असमानता, आणि अशा अटी जोडल्या की संयुक्त असमानता तयार होते. जोडायला शब्द कुठला? तुम्ही सगळे ‘आणि’ म्हणालात. पण गणितातलं ‘आणि’ फार कडक. दोन्ही अटी एकाच माणसाला, एकाच वेळी लागू व्हायला हव्यात. बारा वर्षांच्या आतला आणि शिवाय पासष्टीही ओलांडलेला प्रवासी भेटला तर मला जरूर दाखवा. (हशा) संख्यारेषेवर दोन्ही तुकडे रंगवून बघा, सामाईक असं काहीच सापडत नाही. म्हणजे तुमचं ‘आणि’ शब्दशः धरलं तर अर्धं तिकीट कुणालाच नाही!

तरी कंडक्टर रोज बरोबर तिकीट देतो. कारण ‘मुलं आणि ज्येष्ठ’ ही त्याच्यासाठी माणसांची यादी असते. समोरच्या एका प्रवाशाचं वय तपासताना तो मनातल्या मनात ‘किंवा’च वापरतो. आपली मराठी यादी करताना ‘आणि’ म्हणते, अट तपासताना ‘किंवा’ मागते. पोरं इथंच अडखळतात, आणि त्यात त्यांचा फारसा दोष नाही.

खरं ‘आणि’ लपलेलं असतं ते ‘ते’ या एवढ्याशा शब्दात. प्राथमिक आरोग्य केंद्रातला लशींचा फ्रीज घ्या. आतलं तापमान २ ते ८ अंश सेल्सिअस हवं, आणि रोज सकाळ-संध्याकाळ त्याची नोंद होते. २ ≤ त ≤ ८, म्हणजे दोनाच्या खाली नको आणि आठाच्या वर नको. उष्णतेनं लस बिघडते हे सगळ्यांना ठाऊक असतं, पण हिपॅटायटिस बी सारखी लस गोठली तरी वाया जाते. मग धोका केव्हा, असं विचारलं की वर्गातली निम्मी मुलं लिहितात : ८ < त < २. मी म्हणतो, मधला ‘त’ झाकून वाच. आठ दोनापेक्षा लहान! बरोबर उत्तर त < २ किंवा त > ८. अट उलटली की ‘आणि’चं ‘किंवा’ होतं.

भाचीच्या लग्नात मी स्वतःच यात सापडलो. एकूण खर्च एक लाखाच्या आत बसवायचा होता. हॉलचं भाडं ४०,००० रुपये, ताट २५० रुपयांना, आणि केटररची अट किमान २०० ताटांची. उरलेल्या ६०,००० मध्ये २४० ताटं बसतात, म्हणजे पाहुणे २०० ते २४०. छान जमलं. तेवढ्यात तो हॉल गेला आणि दुसऱ्याचं भाडं निघालं ५५,०००. आता ताटं जास्तीत जास्त १८०, आणि केटरर दोनशेवर ठाम. घरात दोन दिवस याद्या कापणं चाललं होतं. पण पाहुणे कितीही कापा, दोनशेच्या वर आणि एकशेऐंशीच्या आत असा आकडाच नाही. शेवटी केटरर बदलला.

आता राहिली ती सीमारेषा. ‘पोरगा बारा वर्षांचा’ म्हणजे बारा पूर्ण की बारावं चालू? बारावं चालू असलेल्याची अकराच पूर्ण झालेली असतात. कंडक्टर आणि आई यांच्यातले निम्मे वाद या एका वर्षाचे. पंचाहत्तरीचंही तसंच. ऑगस्ट २०२२ पासून ७५ पूर्ण झालेल्यांना एसटी मोफत. म्हणून ज्येष्ठांच्या अर्ध्या तिकिटाची खरी अट ६५ ≤ व < ७५. संख्यारेषेवर पासष्टवर भरीव ठिपका, म्हणजे पासष्ट धरून; पंचाहत्तरवर पोकळ, म्हणजे पंचाहत्तर सोडून. आमच्या शेजारचे काका पंचाहत्तराव्या वाढदिवसाच्या आदल्या दिवशी साताऱ्याला गेले ते अर्ध्या तिकिटावर. दुसऱ्या दिवशी परत आले ते फुकट, आणि उतरल्यावर ते शून्याचं तिकीट त्यांनी सगळ्या आळीला दाखवलं.